विश्लेषण : उजेड आणि ऊब देणारी वनस्पती खरंच असते का?

काल्पनिक जगातल्या कथा, व्हिडीओ गेम आणि ‘अवतार’सारख्या चित्रपटांत एक झाड हमखास भेटते. रात्री ते निळसर उजळते आणि थंडीत त्याच्याजवळ ऊबही मिळते. समाजमाध्यमांवर अशा झाडांची चित्रे फिरतात, सोबत ‘चमकणाऱ्या फुलांच्या’ बिया विकणाऱ्या जाहिरातीही. यवतमाळसारख्या जिल्ह्यात बियाण्याच्या पाकिटावर अख्खा हंगाम ठरतो. त्यामुळे यातले खरे किती आणि खोटे किती, हे समजून घ्यायला हवे.

वनस्पती खरोखर तापते का?

हो, आणि तिचे एक उदाहरण यवतमाळच्या भाजीबाजारात मिळते : सुरण. सुरणाच्या फुलोऱ्याच्या टोकाला सुरकुतलेला जांभळट गोळा असतो. फुलोरा उमलतो तेव्हा हा गोळा भोवतालच्या हवेपेक्षा गरम होतो. त्या उष्णतेमुळे सडक्या मांसासारखा वास दूरवर पसरतो आणि परागीभवन करणारे भुंगेरे त्याकडे ओढले जातात. बहुतेक शेतकऱ्यांना हे दृश्य दिसत नाही, कारण कंद आठ-नऊ महिन्यांतच काढला जातो. फुलोरा येण्यासाठी तो काही वर्षे जमिनीत राहावा लागतो.

कमळ तर याहून पुढे आहे. ऑस्ट्रेलियातील ॲडलेड विद्यापीठाचे रॉजर सेमूर आणि पॉल शुल्त्से-मोटेल यांचा कमळावरील अभ्यास १९९६ मध्ये ‘नेचर’ या नियतकालिकात प्रसिद्ध झाला. हवेचे तापमान १० अंशांपर्यंत उतरले तरी कमळाचे फूल आतून ३० ते ३५ अंश सेल्सिअस राखते, असे त्यांना आढळले. म्हणजे फूल नुसते तापत नाही, थर्मोस्टॅटसारखे तापमान सांभाळते.

ही उष्णता येते कुठून?

प्रत्येक पेशीत मायटोकॉन्ड्रिया नावाची ‘इंजिने’ असतात. ती अन्नातील ऊर्जा एटीपी या रेणूत साठवतात. तापणाऱ्या वनस्पतींमध्ये एक विकर या साखळीला बगल देते. मग बरीचशी ऊर्जा साठवली न जाता उष्णता म्हणून बाहेर पडते. गाडी न्यूट्रलवर ठेवून ॲक्सिलरेटर दाबल्यासारखे हे आहे : इंधन जळते, इंजिन तापते, गाडी मात्र जागची हलत नाही. सुरणाच्याच कुळातील ‘व्हूडू लिली’ या वनस्पतीत हे बटण सॅलिसिलिक आम्ल दाबते, असे १९८७ मध्ये स्पष्ट झाले. ॲस्पिरिनचे रसायन याच आम्लापासून तयार होते.

मग अशा झाडावर खोली का तापत नाही?

कारण इंधन मोजकेच असते. कमळाचे एक फूल जास्तीत जास्त सुमारे एक वॉट उष्णता देते. घरातला साधा एलईडी बल्बही नऊ वॉटचा असतो. शिवाय हा खेळ काही तासांचा किंवा दोन-चार दिवसांचा. साठवलेले पिष्ट आणि स्निग्ध पदार्थ संपले की फूल थंड पडते.

उष्णतेसोबत उजेड का नाही?

कल्पनेतले झाड इथेच फसते. एखादी वस्तू केवळ तापल्यामुळे डोळ्यांना दिसेल इतकी चमकायची, तर तिचे तापमान साधारण ५२५ अंशांवर जावे लागते. त्याच्या किती तरी आधीच झाडाचा कोळसा होईल.

सजीवांचा उजेड वेगळ्या वाटेने येतो. काजव्यात किंवा पावसाळ्यात भीमाशंकरच्या जंगलात रात्री चमकणाऱ्या बुरशीत रासायनिक क्रियेतून जवळपास ‘थंड’ प्रकाश निघतो. ही बुरशी कुजक्या लाकडावर वाढते, म्हणून झाडच चमकते आहे असे वाटते. निसर्गात आपणहून प्रकाश देणारी एकही फुलझाडाची जात ज्ञात नाही.

मग चमकणारे झाड म्हणजे निव्वळ थापच?

नाही. १९८६ मध्ये अमेरिकी शास्त्रज्ञांनी काजव्याचे जनुक तंबाखूच्या रोपात घातले. पण ते चमकण्यासाठी बाहेरून रसायन द्यावे लागे. २०१३ मध्ये ‘ग्लोइंग प्लांट’ प्रकल्पाने लोकवर्गणीतून सुमारे ४.८ लाख डॉलर जमवले. देणगीदारांना कबूल केलेली रोपे मात्र कधीच मिळाली नाहीत. खरे यश २०२० मध्ये आले. चमकणाऱ्या बुरशीची जनुके घातलेली तंबाखूची रोपे बाहेरचे रसायन न देता उजळू लागली. त्याच तंत्रावर आधारलेले ‘फायरफ्लाय पेटुनिया’ हे रोप २०२४ पासून अमेरिकेत विकले जाते. त्याचा उजेड चांदण्याइतका मंद असतो. डोळे अंधाराला सरावल्यावरच तो दिसतो.

भारतात ते घेता येईल का?

हे रोप जनुकीय बदल केलेले आहे. १९८९ च्या नियमांनुसार अशा वाणांची आयात किंवा लागवड करण्यासाठी मंजुरी लागते आणि तिची छाननी जीईएसी ही केंद्रीय समिती करते. देशात व्यावसायिक लागवडीखाली असलेले असे पीक एकच, २००२ मध्ये मंजूर झालेला बीटी कापूस. मंजुरी नसलेल्या, तणनाशक सहन करणाऱ्या कापसाला विदर्भात ‘चोर बीटी’ म्हणतात. त्यातली फसवणूक शेतकऱ्यांना नवी नाही. पाकिटावरचा दावा तपासायचा कसा, हा प्रश्न दोन्हीकडे सारखाच आहे. चमकणाऱ्या फुलांच्या बाबतीत उत्तर सोपे आहे : अमेरिकेत विकले जाते ते तयार रोप, बिया नव्हे. त्यामुळे ‘अंधारात उजळणाऱ्या बिया’ म्हणून हाती पडणारे पाकीट साध्या बियांचेच असणार.

खरे ‘तापणारे झाड’ पाहायचे असेल तर?

परसात सुरणाचा एक मोठा कंद न काढता राहू द्या. पावसाळ्याच्या तोंडावर पानाआधी फुलोरा आला, तर उमलल्याच्या पहिल्या रात्री जांभळट गोळ्याला थर्मामीटर लावून हवेच्या तापमानाशी तुलना करा. सुरण खाजरा असतो, म्हणून हातमोजे घाला. वासाने नाक मात्र धरावे लागेल.