हजार रहस्यकथांचा धनी

12 जानेवारी 1925च्या संध्याकाळी मुंबईत मलबार हिलवर अब्दुल कादर बावला या व्यापाऱ्याची मोटार अडवून त्याचा खून झाला. सोबतच्या मुमताज बेगमला पळवण्याचा डाव वाटेने जाणाऱ्या इंग्रज लष्करी अधिकाऱ्यांनी उधळला. मुमताज इंदूर दरबारातून निघून आलेली होती. मारेकऱ्यांना शिक्षा झाल्या, पण हुकूम कोणाचा, हे न्यायालयात सिद्ध झाले नाही. चौकशी की गादी, असा पेच समोर येताच 1926 मध्ये इंदूरचे महाराज तिसरे तुकोजीराव होळकर यांनी गादी सोडली.

हा खटला गाजला तेव्हा चंद्रकांत सखाराम चव्हाण विशीच्या आतले होते. पुढे बाबूराव अर्नाळकर या नावाने त्यांनी हजाराहून अधिक रहस्यकथा लिहिल्या. जगातल्या सर्वाधिक लेखन करणाऱ्यांत गिनेस बुकाने त्यांची नोंद घेतली. बावला प्रकरणात जे अर्धवट राहिले, ते त्यांच्या पुस्तकात कधीच राहत नाही. शेवटच्या पानापर्यंत बुरखा फाटतो, गुन्हेगार समोर येतो. वाचक विसंबायचा तो याच भरवशावर.

एवढे लिहायचे तर दर वेळी नवे जग उभारून चालत नाही. अर्नाळकरांनी माणसे कायम ठेवली. धनंजय आणि त्याचा साथी छोटू ही होम्स-वॉटसनच्या वळणाची जोडी. झुंजार आणि काळा पहाड मात्र कायद्याच्या बाहेर राहून दुष्टांना धडा शिकवणारे. एडगर वॉलेस, लेस्ली चार्टरिस यांच्या इंग्रजी कथांचा प्रभाव उघड आहे. पण तो साचा त्यांनी मुंबईच्या रस्त्यांवर आणि मराठी बोलण्यात असा रुजवला, की वाचकाला झुंजार आपलाच वाटू लागला. छोटी वाक्ये, भरपूर संवाद, प्रकरण संपता संपता नवा धोका. पुस्तकही लहान, एका बैठकीत संपणारे.

समीक्षकांनी त्यांच्याकडे फारसे पाहिले नाही, हे मला अन्यायाचे वाटते. विशेषतः इंदुरात राहून वाटते. इथे शाळा हिंदीत, कचेरी हिंदीत, बाजार हिंदीत. रामबागेतल्या घरात मराठी बोलली गेली, तरी मुलगा मराठी वाचेलच असे नाही. अशा मुलाच्या हाती थेट खांडेकर दिले, तर दहाव्या पानावर तो अडतो. झुंजार दिला, तर खुनी कोण हे कळेपर्यंत पुस्तक खाली ठेवत नाही, आणि अडलेला शब्द आजीला विचारून पुढे जातो. अर्नाळकर 1996 मध्ये गेले. आपल्या मराठी वाचनालयांनी त्यांची पुस्तके जीर्ण झाली म्हणून रद्दीत घालू नयेत. नव्या आवृत्त्या मागवाव्यात आणि मुलांच्या हाताला येतील अशा खालच्या फळीवर ठेवाव्यात.