जप्त वाहने आणि नदीचा न्याय

1 जुलै 2024 रोजी 1973 ची फौजदारी प्रक्रिया संहिता अस्तंगत झाली आणि तिच्या जागी आलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेने, जप्त मालमत्तेचे वर्णनपत्र न्यायालयाने 14 दिवसांत तयार करावे, तिची छायाचित्रे घ्यावीत व त्यानंतर 30 दिवसांत तिच्या विल्हेवाटीचा हुकूम द्यावा, अशी तजवीज केली. परंतु ही मुदत न्यायालयापुढे आलेल्या मुद्देमालाला लागू. गोदाकाठच्या आमच्या तहसील कचेरीच्या आवारात महसूल खात्याने वाळूचोरीत पकडून आणून उभे केलेले टिपर पूर्ववत गंजत आहेत, आणि नदीच्या पात्रात नवे टिपर पूर्ववत उतरत आहेत.

आरंभीच्या काळाविषयी फारसे सांगण्याजोगे नाही. 1957 चा केंद्रीय खनिज कायदा आणि 1966 ची महाराष्ट्र जमीन महसूल संहिता झाली, तेव्हा वाळू गाढवांच्या पाठीवरून व बैलगाड्यांतून जात असे, आणि जप्ती हा शब्द सावकारी व शेतसाऱ्याच्या संदर्भातच कानी पडे. 2002 साली सर्वोच्च न्यायालयाने सुंदरभाई अंबालाल देसाई प्रकरणात, जप्त वाहने ठाण्यांच्या आवारांत कुजत ठेवू नयेत, जातमुचलका व योग्य हमी घेऊन ती सत्वर सोडावीत, असा निर्णय दिला. आणि कर्जाचे हप्ते फेडणाऱ्या सामान्य मालकाच्या दृष्टीने तो सर्वथैव न्याय्य होता.

खरा इतिहास घडला तो 2010 नंतरच्या दशकात, आणि तो मी तालुका न्यायालयांच्या बाकांवर बसून पाहिला. 2012 मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या दीपक कुमार प्रकरणाने पाच हेक्टरांहून लहान वाळूपट्ट्यांनाही पर्यावरणीय मंजुरी अनिवार्य केली. 2014 मध्ये त्याच न्यायालयाच्या संजय प्रकरणाने, नदीतील वाळू बिनपरवाना नेणे ही भारतीय दंड संहितेखालील चोरीही ठरू शकते आणि खनिज कायदा त्या खटल्याच्या आड येत नाही, असे स्पष्ट केले. 2015 मध्ये महसूल संहितेच्या कलम 48 मध्ये दुरुस्ती होऊन, जप्त वाहन 48 तासांत उपजिल्हाधिकाऱ्याहून कमी दर्जाचा नसलेल्या अधिकाऱ्यापुढे हजर करावे आणि दंड व जातमुचलका घेऊन ते सोडता यावे, अशी व्यवस्था झाली. एकाच ट्रॅक्टरला अशा रीतीने दोन दरवाजे लाभले, एक महसुलाचा व एक फौजदारीचा, आणि ज्या दरवाजावर पहारा शिथिल असेल त्यातून तो बाहेर पडू लागला.

रात्री मंडळ अधिकारी व तलाठी जिवावर उदार होऊन हायवा अडवीत, कित्येकदा मार खात. सकाळी पंचनामा होई. आणि मग, जप्ती करणाऱ्या अंमलदारास तसा अधिकार लेखी दिला होता काय, या एका प्रश्नावर सारे प्रकरण ढासळे. हा प्रश्न विचारणाऱ्या न्यायाधीशांना मी दोष देत नाही, कारण बेकायदा उपशावरील इलाज बेकायदा जप्ती हा असू शकत नाही. दोष देतो तो, वर्षानुवर्षे तीच चूक करून वाळूमाफियाला आयता बचाव पुरविणाऱ्या आणि दंडाच्या वसुलीलाच कर्तव्यपूर्ती मानणाऱ्या वरिष्ठांना. चालक कोठडीत गेला, कर्जबाजारी ट्रॅक्टरवाल्याचे टायर आवारातून चोरीस गेले, आणि घाटाचा खरा धनी दंड भरून त्याच रात्री पात्रात परतला. याच काळात, 2018 साली, मद्रास उच्च न्यायालयाच्या मदुराई खंडपीठाने वाळूचोरीतील वाहने परत न देता ती सरकारजमा करण्याची कारवाई करावी असे बजावले. तो मार्ग कठोर खरा, तथापि त्यात निदान नदीच्या हानीची जाणीव होती.

त्या दशकात गोदावरीचे जे वैभव लोपले, ते पाणी पावसाळ्यानंतरही धरून ठेवणारे पुरुषभर वाळूचे थर, काठच्या विहिरींचे झरे आणि उन्हाळ्यातही ओलसर राहणारे पात्र, त्याची नोंद कोणत्याही पंचनाम्यात नाही. पंचनाम्यात आले ते ब्रासचे माप. पुढे 2023 साली सहाशे रुपये ब्रासने वाळू देणारे शासकीय डेपो निघाले, 2025 च्या धोरणाने ते मोडून पुन्हा लिलाव आणले. धोरणे पालटली, आवारातील दृश्य पालटले नाही.

म्हणून न्यायासनापुढे विनंती एवढीच की, सुपूर्तनाम्यावर स्वाक्षरी करण्यापूर्वी त्या वाहनाच्या पूर्वीच्या जप्त्यांची नोंद दोन्ही खात्यांच्या दप्तरांतून मागवावी, आणि अट मोडून तेच वाहन पुन्हा पात्रात सापडल्यास जातमुचलक्याची रक्कम खरोखर वसूल करावी. जातमुचलका जोवर कागदावरच राहील, तोवर वाहनांची जप्ती हे महसुलाचे एक साधन राहील. नदीचे संरक्षण ती करणार नाही.