हप्ता परवडतो, पण कर्ज?
५० लाखांचे गृहकर्ज ८.५ टक्क्यांनी २० वर्षांसाठी घेतले, तर हप्ता सुमारे ४३,४०० रुपये बसतो. पहिल्या हप्त्यातले ३५,४१७ रुपये व्याजातच जातात. मुद्दल जेमतेम आठ हजारांनी उतरते. एकूण व्याज ५४ लाखांवर पोचते. मुदत ३० वर्षे केली की हप्ता सुमारे पाच हजारांनी हलका होतो, व्याज मात्र आणखी ३४ लाखांनी वाढते. करसवलत मिळते ना, असे कुणी म्हणेल. पण राहत्या घरासाठी जुन्या करप्रणालीत वर्षाला दोन लाखांपर्यंतचेच व्याज वजा होते, नव्या प्रणालीत तेवढेही नाही. बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जाला मुदतपूर्व फेडीचा दंड नाही. बोनस हाती आला की आधी मुद्दलात भरा.