शेवटच्या रांगेतले इमोजी

गेल्या दिवाळीत आमच्या घरच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर आत्याच्या शुभेच्छा आल्या. आठ-दहा पणत्या, आणि त्यांच्या शेवटी लाल रंगाचं काहीतरी. मध्ये पांढरी पट्टी, वर ज्वाळेसारखी टोकं. भाचीनं लगेच विचारलं, "आजी, हे काय पेटलंय?" आत्याला तो आकाशकंदील वाटला होता.

मी शोधून पाहिलं. ती जपानी बालवाडीतल्या मुलांच्या छातीवर लावायची नावाची पट्टी निघाली. लाल आकार ट्युलिपच्या फुलाचा आणि मधली पांढरी जागा नाव लिहिण्यासाठी. जपानबाहेर अनेकांना हा इमोजी जळणारा टोफू वाटतो. आत्या एकटी फसली नव्हती तर!

तेव्हापासून कीबोर्डच्या तळाशी पडून असलेल्या चित्रांचा मला नाद लागला. इमोजींचं प्रमाणीकरण करणाऱ्या युनिकोड कन्सोर्टियमनं २०२१ साली वापराची आकडेवारी दिली, तेव्हा एकूण इमोजी होते ३,६६३. त्यांतल्या पहिल्या शंभरांनीच जवळजवळ ८२ टक्के वापर व्यापला होता. हसता हसता डोळ्यांत पाणी आलेला चेहरा एकटाच ५ टक्क्यांहून जास्त खात होता. उरलेले साडेतीन हजार शेवटच्या १८ टक्क्यांत दाटीवाटीनं बसले होते.

ही चित्रं मुळात आली कुठून, ते पाहिलं की बराच उलगडा होतो. १९९९ साली शिगेताका कुरिता यांनी एनटीटी डोकोमो या जपानी कंपनीच्या फोनसाठी १७६ चित्रं काढली. प्रत्येक चित्राला जागा फक्त १२ गुणिले १२ ठिपक्यांची. जपानमधल्या इतर फोन कंपन्यांचेही आपापले संच होते, आणि एका कंपनीच्या फोनवरून दुसऱ्या कंपनीच्या फोनवर चित्र नीट पोचेलच याची खात्री नसे. २०१० साली युनिकोडनं हे संच आपल्या यादीत सामावून घेतले. एकदा यादीत गेलेलं चिन्ह युनिकोड कधीही काढून टाकत नाही, नाहीतर जुने निरोप उद्या वाचता येणार नाहीत. म्हणून जपानी माणसाच्या रोजच्या जगण्यातल्या कितीतरी खुणा आज आपल्या खिशात आहेत.

पिवळा-हिरवा, पानासारखा एक इमोजी पाहिला असेल. जपानमध्ये नवा परवाना मिळालेल्या चालकाला पहिलं वर्षभर ही खूण गाडीवर लावावी लागते, १९७२ पासून. पांढऱ्या फुलाचा एक इमोजी आहे, तो तिथल्या शिक्षकांचा शिक्का. मुलानं गृहपाठ छान केला की वहीवर उमटतो, आपल्याकडे बाई 'शाब्बास' लिहितात तसा. रंगीत चौकोनांतली चिनी वळणाची अक्षरं म्हणजे पाट्या आहेत: सवलत, जागा शिल्लक, जागा भरली, दुकान चालू. यांना निकामी म्हणणं मला अजिबात पटत नाही. घरापासून लांब आल्यामुळे त्यांना ओळखणारं कुणी उरलेलं नाही, इतकंच.

रोपवेची गोष्ट वेगळी. मॅथ्यू रॉथेनबर्ग यांनी २०१३ साली ट्विटरवरचे इमोजी मोजणारी यंत्रणा सुरू केली. तिच्या आधारे २०१८ मध्ये सर्वांत कमी वापरला जाणारा इमोजी ठरला तारेवरून जाणारा पाळणा. त्याची बातमी झाली, लोक मुद्दाम तो वापरू लागले आणि त्यानं तळ सोडला. त्याच्या जागी इंग्रजी कॅपिटल अक्षरांची खूण जाऊन बसली. पाळण्याचा अर्थ तर कुणालाही कळतो, मग तो मागे का पडला? एक तर त्याच्यासारखेच दिसणारे आणखी दोन इमोजी शेजारीच आहेत, डोंगरावरचा पाळणा आणि लटकती रेल्वे. दुसरं म्हणजे रोपवेनं रायगडावर गेलेला माणूस वरून दरीचा फोटो पाठवतो. ज्याचा फोटो काढता येतो, त्याचं चित्र कशाला शोधत बसायचं? आणि फोनही सवयीचेच इमोजी पुढे धरतो, त्यामुळे मागचे आणखी मागे जातात.

झेंड्यांचंही तसंच. संख्येनं सर्वांत मोठा गट त्यांचा आणि वापर सर्वांत कमी. २०२२ पासून युनिकोडनं नव्या झेंड्यांचे प्रस्ताव घेणंच थांबवलं.

आपली पणती या यादीत आली २०१९ साली. साडी, ऑटोरिक्षा आणि देऊळ तिच्याच बरोबरचे. आता नवा इमोजी हवा असेल, तर त्याचा शब्द लोक इंटरनेटवर किती शोधतात, याची तुलना 'हत्ती' या शब्दाशी करून दाखवावी लागते, कारण हत्तीचा इमोजी वापराच्या साधारण मध्यावर आहे. कीबोर्ड अमर्याद वाढू नये म्हणून काही कसोटी हवी, हे मान्य. पण या मोजणीत मोठ्या भाषांच्या वस्तू सहज पास होणार आणि सूप, उखळ, तोरण बाहेरच ताटकळणार, याचं मला वाईट वाटतं. आमच्या ग्रुपवर पणतीसुद्धा अकरा महिने कुणी पाठवत नाही. म्हणून ती कमी मोलाची होते का?

यंदा पणती पाठवाल तेव्हा बोट तिथंच थांबवू नका. चिन्हांच्या गटात जाऊन थोडं खाली सरकवा. लाल ट्युलिपमध्ये एक पांढरी पट्टी दिसेल. तिच्यावर बालवाडीतल्या मुलाचं नाव लिहायचं असतं.