उसाच्या मळीपासून टायरचं रबर : ऐकायला नवल, पण आपल्या देशात हे घडून गेलंय

गळीत हंगाम सुरू झाला की वडगाव रासाई, मांडवगण फराटा आणि नदीपलीकडच्या दौंड भागात रस्त्यांवर उसाच्या ट्रॉल्यांची रांग लागते. ऊस म्हणजे साखर, गूळ आणि फार तर दारू, एवढंच आपल्याला ठाऊक असतं. पण ज्या टायरवर ती ट्रॉली धावते, त्या टायरचं रबरही या उसापासून बनू शकतं, असं आम्ही वर्गात सांगितलं की मुलं हसतात. म्हणून ही गोष्ट आज घरातल्या सगळ्यांसाठी नीट उलगडून सांगतो.

रबर दोन प्रकारचं

एक रबर झाडाच्या चिकापासून मिळतं. केरळात त्याच्या बागा आहेत. दुसरं कारखान्यात बनतं, त्याला कृत्रिम रबर म्हणतात. गाडीच्या टायरचा जो भाग रस्त्याला घासतो, त्यात ‘एसबीआर’ नावाचं कृत्रिम रबर मोठ्या प्रमाणात वापरतात. ते दोन रसायनांपासून तयार होतं : साधारण तीन भाग ब्युटाडाइन आणि एक भाग स्टायरीन. आज जगभर ब्युटाडाइन मुख्यतः खनिज तेलापासून काढलं जातं. आपल्या देशात पानिपत आणि हजीरा इथल्या कारखान्यांत एसबीआर बनतं, तेही तेलाच्याच जोरावर.

पण ब्युटाडाइन अल्कोहोलपासूनही बनतं. रशियन शास्त्रज्ञ लेबेदेव यांनी ब्युटाडाइनपासून रबर तयार करून 1910 मध्ये दाखवलं. पुढे 1932 पासून सोव्हिएत रशियात अल्कोहोलवर चालणारे रबराचे मोठे कारखाने उभे राहिले. दुसऱ्या महायुद्धात जपानने मलाया आणि इंडोनेशियाच्या रबरबागा ताब्यात घेतल्या, तेव्हा अमेरिकेनेही धान्याच्या अल्कोहोलपासून ब्युटाडाइन बनवून वेळ निभावून नेली.

बरेलीची रबर फॅक्टरी

आपल्याकडचं उदाहरण उत्तर प्रदेशातलं आहे. मुंबईच्या किलाचंद घराण्याने ‘सिंथेटिक्स अँड केमिकल्स’ ही कंपनी काढली आणि फायरस्टोन या अमेरिकी टायर कंपनीच्या सहकार्याने बरेलीजवळ फतेहगंज पश्चिमी इथे 1963 च्या सुमारास कारखाना सुरू केला. साखर कारखान्यांची मळी, मळीपासून अल्कोहोल, अल्कोहोलपासून ब्युटाडाइन आणि त्यापासून रबर, अशी ती साखळी होती. देशात कृत्रिम रबराची सुरुवात अशी उसापासून झाली.

नव्वदच्या दशकाच्या अखेरीस हा कारखाना बंद पडला. कामगारांच्या थकलेल्या पैशांची कोर्टबाजी वर्षानुवर्षे चालली. ओसाड आवारात झाडी इतकी माजली की जून 2021 मध्ये तिथून एक वाघीण पकडून न्यावी लागली.

मग बंद का पडला?

पहिलं कारण हिशेबाचं. रसायनशास्त्राच्या नियमाने 100 किलो अल्कोहोलपासून जास्तीत जास्त 59 किलो ब्युटाडाइन मिळू शकतं. उरलेले 41 किलो पाणी आणि हायड्रोजन होऊन निघून जातात. प्रत्यक्षात उतारा याहून कमीच पडतो. तेलाच्या कारखान्यात मात्र प्लॅस्टिकसाठी इथिलीन बनवताना ब्युटाडाइन जोडउत्पादन म्हणून हाती येतं, त्यामुळे ते स्वस्त पडतं.

आता आपल्या उसाचा हिशेब करू. एक टन उसातून साखर काढल्यावर साधारण 45 किलो मळी उरते. तिच्यापासून सुमारे 10 लिटर, म्हणजे आठ किलोच्या आसपास अल्कोहोल निघतं. त्यातून ब्युटाडाइन कागदावर साडेचार किलो! तेव्हा ‘उसाच्या रबराने शेतकरी मालामाल’ असं कुणी सांगितलं, तर आधी हा हिशेब त्याच्यापुढे ठेवावा.

दुसरं कारण कायद्याचं. औद्योगिक अल्कोहोलवर राज्याने कर लावावा की नाही, यावर याच कंपनीचा खटला सर्वोच्च न्यायालयात गेला. 1989 मध्ये सात न्यायमूर्तींनी राज्यांचा अधिकार नाकारला. ऑक्टोबर 2024 मध्ये नऊ न्यायमूर्तींच्या पीठाने आठ विरुद्ध एक अशा बहुमताने तो निकाल फिरवला. कच्च्या मालावर उद्या कोणता कर बसेल याची खात्री नसेल, तर कारखानदार पैसा घालताना दहादा विचार करणारच.

आणि आज अल्कोहोलला नवं गिऱ्हाईक मिळालंय, पेट्रोल! 2025 मध्ये देशात पेट्रोलमधलं इथेनॉलचं प्रमाण 20 टक्क्यांवर गेलं. त्यातही धोरण स्थिर नाही. डिसेंबर 2023 मध्ये उसाच्या रसापासून इथेनॉल बनवण्यावर निर्बंध आले आणि पुढच्या वर्षी उठले. शिवाय ऊस किती पाणी पितो, हे शिरूरच्या शेतकऱ्याला आम्ही काय सांगावं!

तरीही विषय संपलेला नाही

तेलावरचं अवलंबन कमी करायचं म्हणून जग पुन्हा या वाटेकडे वळतंय. जानेवारी 2024 मध्ये फ्रान्समध्ये बोर्दो शहराजवळ मिशलिन आणि तिच्या भागीदारांनी वनस्पतींच्या अल्कोहोलपासून ब्युटाडाइन बनवणारा प्रायोगिक कारखाना सुरू केला. आपल्या भागातही पाया आहे. कुरकुंभच्या औद्योगिक वसाहतीत आणि नीरेजवळ अल्कोहोलपासून रसायनं बनवणारे कारखाने आहेत. ब्युटाडाइनच्या दोन टप्प्यांच्या पद्धतीत आधी अल्कोहोलचं अ‍ॅसिटाल्डिहाइड करावं लागतं. ते रसायन महाडला बनतंच. म्हणजे अर्धी वाट महाराष्ट्राला ठाऊक आहे.

अल्कोहोल म्हटलं की...

आपल्या घरात हा प्रश्न येणारच, आणि यावा. उद्योगासाठीच्या अल्कोहोलमध्ये सहसा मुद्दाम विषारी द्रव्य मिसळून ते पिण्यालायक ठेवत नाहीत. पुढे भट्टीत त्याचा रेणूच बदलतो आणि तयार रबरात अल्कोहोल उरत नाही. ही झाली विज्ञानाची बाजू. अशा कारखान्यातल्या नोकरीबद्दल मनात शंका असेल, तर जाणत्या आलिमांना जरूर विचारावं. मात्र विचारताना तिथे नेमकं काय बनतं आणि आपलं काम कोणतं, हे सांगावं. प्रश्न अर्धवट असेल तर जवाबही अर्धवटच मिळतो.

आपल्या मुलांसाठी

टायर, पंक्चर, रिमोल्डिंग या धंद्यात आपली कितीतरी घरं आहेत. ‘पंक्चरवाला’ हा शब्द टोमणा म्हणून वापरला जातो. आम्हाला त्यात लाज वाटावं असं काही दिसत नाही, ती मेहनतीची हलाल रोजी आहे. फक्त एवढंच वाटतं की ज्या घराने रबर आयुष्यभर हाताळलं, त्या घरातल्या मुला-मुलींना रबर बनतं कसं हेही कळावं. मांजरीची वसंतदादा शुगर इन्स्टिट्यूट अल्कोहोल तंत्रज्ञान शिकवते, माटुंग्याच्या रसायन तंत्रज्ञान संस्थेत पॉलिमरचं शिक्षण मिळतं. तिथवर पोहोचायचं तर दहावीनंतर विज्ञान घ्यावं लागतं आणि रसायनशास्त्राला घाबरून चालत नाही. दहावीचा निकाल लागला की मुलाला किंवा मुलीला कुठे घालायचं याची चर्चा घरोघरी होते. या वर्षी त्या चर्चेत हाही एक रस्ता असू द्या.