स्कली यांचा सामन्याचा दिवस

डॉजर्स या बेसबॉल संघाचा रात्रीचा सामना लॉस एंजेलिसला सात वाजून दहा मिनिटांनी सुरू होई. विन स्कली यांचं काम त्याच्या कितीतरी आधी सुरू झालेलं असे. १९५० साली, संघ ब्रुकलिनमध्ये होता तेव्हा, त्यांनी त्याचं समालोचन हाती घेतलं आणि २०१६ पर्यंत, तब्बल ६७ हंगाम, सोडलं नाही.

दुपारपर्यंत वाचन. समोरच्या संघातला नवखा पिचर कुठल्या गावचा, इथवर कसा पोचला, हे हाताशी हवं. आकडे कुणीही सांगतं, माणूस सांगायला कष्ट लागतात.

संध्याकाळी डॉजर स्टेडियमचा प्रेस बॉक्स. २००१ पासून त्याला त्यांचंच नाव आहे. दोन्ही संघांची यादी आली की ती स्कोअरबुकात उतरवायची. गुरू रेड बार्बर यांची शिस्त कडक होती: तयारी पक्की हवी आणि माइकवर आपल्या संघाची तळी उचलायची नाही. स्कली ती शेवटपर्यंत पाळत आले. डॉजर्स जिंकले तरी ‘आपण जिंकलो’ नाही.

७:१०. शेजारी कुणी माजी खेळाडू नाही, ते एकटेच. गप्पा मारायच्या त्या थेट ऐकणाऱ्याशी. कारकिर्दीच्या उत्तरार्धात सामन्याचे पहिले तीन डाव त्यांचा आवाज टीव्ही आणि रेडिओ दोन्हींवर जाई. एकाला सगळं दिसतंय, दुसऱ्याला काहीच नाही, आणि वाक्य दोघांनाही पुरायला हवं! बॅटरच्या आजोबांची गोष्ट सुरू असते. चेंडू येतो, स्ट्राइक. स्ट्राइक सांगून गोष्ट पुढे. पुन्हा चेंडू, फाउल. गोष्ट पुन्हा तिथूनच. तिसरा गडी बाद होऊन डाव संपला तर गोष्ट जाहिरातीत अडकणार, म्हणून सुरुवात कधी करायची याचा अंदाज बांधावा लागतो. माझ्या मते त्यांची खरी कारागिरी इथे आहे.

सव्वाआठच्या सुमारास रेडिओ सहकाऱ्यांकडे जाई आणि पुढचे डाव ते फक्त टीव्हीवर बोलत.

मोठा क्षण आला की मात्र ते गप्प. लहानपणी न्यूयॉर्कच्या घरात रेडिओखाली सरपटत जाऊन ते प्रेक्षकांचा गजर अंगावर घेत; तो गजर आपल्या बोलण्यानं झाकायचा नाही, हे त्यांनी कायम पाळलं. ८ एप्रिल १९७४ रोजी अटलांटात हँक ॲरन यांनी ७१५वा होमरन मारून बेब रूथचा विक्रम मोडला, तेव्हा स्कली बराच वेळ बोललेच नाहीत. बोलले तेव्हा म्हणाले ते असं की, अमेरिकेच्या दक्षिणेत एका काळ्या माणसासाठी लोक उभे राहून टाळ्या वाजवताहेत.

पावणेदहा ही आठवणीतली वेळ. ९ सप्टेंबर १९६५, डॉजर्सचा पिचर सँडी कूफॅक्स शिकागो कब्सविरुद्ध नववा डाव टाकत होता. त्यानं सत्तावीसच्या सत्तावीस गडी बाद केले, एकालाही बेसवर पोचू दिलं नाही. स्कली रेडिओवर होते. ते मधूनमधून घड्याळ सांगत राहिले आणि शेवटच्या स्ट्राइकनंतर ९:४६ ही वेळही बोलले. पुढे कूफॅक्सनं ध्वनिमुद्रण ऐकलं तर त्या रात्रीची तारीख आणि मिनिटं त्याला त्यात मिळावीत, म्हणून.