रिकाम्या जागेवरून भांडण

वहीच्या कागदावर पुढील ओळ जशीच्या तशी लिहा आणि शेजारच्या मित्राला वाचायला द्या :

धरणावरूनतोकडादिसतो

मित्र मुळशीचा असेल तर चटकन म्हणेल, "धरणावरून तो कडा दिसतो." ताम्हिणीकडचे कडे त्याच्या रोजच्या पाहण्यातले. दुसरा कोणी 'तोकडा दिसतो' असे वाचील आणि काय तोकडे दिसते याचा विचार करीत बसेल! अक्षरे तीच, त्यांचा क्रमही तोच. अर्थ बदलला तो एका रिकाम्या जागेमुळे.

आपल्या पणजोबांना ही अडचण नित्याची होती. मोडी लिहिताना आधी कागदावर आडवी रेघ ओढून घेत आणि मग तिच्याखाली अक्षरे लिहीत जात. लेखणी शक्य तितकी कमी उचलायची, म्हणून शब्द सुटे होत नसत, विरामचिन्हेही नसत. लिहिणाऱ्याचा वेळ वाचे, पण तो वाचणाऱ्याकडून वसूल होई. जमिनीचे जुने कागद घेऊन लोक आजही मोडी जाणणाऱ्याकडे जातात ते यामुळेच.

आता याच मुळशी तालुक्याच्या पूर्वेकडील हिंजवडीला चला. तेथील राजीव गांधी इन्फोटेक पार्कमध्ये हजारो प्रोग्रामर दिवसभर एक वेगळेच लेखन करीत असतात. ते लेखन म्हणजे संगणकाला द्यायच्या आज्ञा. माझा एक जुना विद्यार्थी तेथे काम करतो. ओळ डावीकडून किती आत सरकवून लिहावी यावरून त्याच्या गटात एकदा अर्धा तास वाद झाला, असे तो सांगत होता. मला हसू आले. पण नंतर विचार केला तेव्हा वाटले, अर्धा तास काही फार नव्हे!

यातली गंमत अशी की, बहुतेक भाषांमध्ये संगणकाला या जागेचे काहीच वाटत नाही. 'सी' या भाषेत दोन शब्दांमध्ये एक जागा सोडा की दहा, ओळ आत सरकवा की कडेला चिकटवा. आज्ञांचे यंत्रभाषेत रूपांतर करणारा कंपायलर त्या जागा टाकून देतो. मग त्या ठेवायच्या कोणासाठी? तर उद्या हा कागद वाचणाऱ्या माणसासाठी. आज्ञा एकदा लिहिल्या जातात, पण दुरुस्तीसाठी त्या अनेकदा अनेकांना वाचाव्या लागतात.

आणि येथेच एक धोका आहे. माणूस वाचतो मोकळी जागा. यंत्र वाचते चिन्हे. दोघांचे वाचन जुळले नाही तर काय होते? फेब्रुवारी २०१४ मध्ये ॲपल कंपनीच्या आयफोनमध्ये आणि संगणकांमध्ये एक दोष उघडकीस आला. समोरचे संकेतस्थळ खरे की तोतया, हे तपासणाऱ्या भागात तो होता. मराठीत मांडला तर साधारण असा :

जर (आधीच्या पायरीत चूक सापडली)
    शेवटाकडे जा;
    शेवटाकडे जा;
सही तपासा;

एक ओळ चुकून दोनदा आली होती. तुम्ही-आम्ही काय वाचतो? दोन्ही ओळी सारख्याच आत आहेत, म्हणजे दोन्ही 'जर'च्या हाताखालच्या. चूक सापडली तरच त्या अमलात येतील. दुसरी फार तर निरुपयोगी. पण 'सी' भाषेचा नियम असा, की महिरपी कंस घातले नाहीत तर 'जर'ची सत्ता फक्त पुढच्या एका आज्ञेवर चालते. दुसरी आज्ञा मोकळी झाली! चूक असो वा नसो, यंत्र तिच्यामुळे थेट शेवटाकडे जाई आणि 'सही तपासा' ही ओळ कधी अमलातच येत नसे. शिवाय चुकीची नोंद ठेवण्याच्या जागी शून्य असे, आणि शून्याचा अर्थ 'सर्व ठीक'. त्याच जाळ्यावर बसलेल्या लबाडाला एखाद्या बँकेचे सोंग घेता आले असते. सरळ रांगेतल्या त्या ओळीने वाचणाऱ्याच्या डोळ्यांना फसवले होते.

यावर एक उपाय गुइडो व्हान रोसम या डच संगणकतज्ज्ञाने १९९१ मध्येच पुढे आणला होता. त्याच्या 'पायथॉन' भाषेत ओळ किती आत आहे, हाच व्याकरणाचा नियम. जे डोळ्याला दिसते तेच यंत्र वाचते. समास चुकला की अर्थ बदलतो, किंवा यंत्र पुढे जायलाच नकार देते. काही जाणकारांना हा जाच वाटतो. मला विचाराल तर, शिकणाऱ्याला तरी तो हिताचाच आहे.

राहिला हिंजवडीचा वाद. ओळ आत सरकवण्याच्या दोन रीती आहेत. एक, स्पेसचे बटण चार वेळा दाबणे. दुसरी, टॅबचे बटण एकदा दाबणे. संगणकाच्या 'आस्की' संकेतावलीत स्पेसचा क्रमांक ३२ आणि टॅबचा ९. टॅब टंकलेखन यंत्रावरून आला. आकड्यांचे रकाने सरळ यावेत म्हणून यंत्रावर थांबे लावत आणि टॅब दाबला की गाडी पुढच्या थांब्यावर जाई. पण थांबे किती अंतरावर, हे प्रत्येकाच्या पडद्यावर निराळे असू शकते. म्हणून एकाच मजकुरात दोन्हींची भेसळ झाली की, माझ्याकडे सरळ दिसणारा रकाना तुमच्याकडे वाकडा दिसतो. पायथॉनची मार्गदर्शिका चार स्पेस वापरा म्हणते. 'लिनक्स'चे कर्ते आठ घरांच्या टॅबचा आग्रह धरतात. टॅबवाल्यांची एक बाजू मला पटते : दृष्टी अधू असलेल्या वाचकाला ते अंतर आपल्या सोयीने कमीजास्त करता येते. २००९ मध्ये जाहीर झालेल्या 'गो' भाषेच्या कर्त्यांनी तर वादच मिटवला. सगळ्यांचे लेखन एकाच साच्यात बसवणारा प्रोग्रामच त्यांनी भाषेबरोबर दिला. त्यात तुमची आवड कोणी विचारतच नाही!

शाळेतल्या संगणकावर साधा मजकूर लिहिण्याचा 'नोटपॅड' उघडा. एका ओळीच्या आरंभी एकदा टॅब दाबा, दुसरीच्या आरंभी आठ वेळा स्पेस. दोन्ही ओळी बहुधा सारख्याच दिसतील. आता उजव्या बाणाचे बटण एकेकदा दाबीत प्रत्येक ओळीतून चाला आणि अक्षरापर्यंत पोहोचायला किती पावले लागतात ते मोजा.